झांझिबारची केळी आणि ठाण्यातला वाद

ठाण्यात घरगुती ऑर्डरी घेणाऱ्या एका मुलीकडे मे महिन्यात वाढदिवसाचं काम आलं. मुलगा सहा वर्षांचा, थीम ‘आफ्रिकन सफारी’. भिंतीवर जिराफ, टोप्यांवर झेब्र्याचे पट्टे, आणि मुलाच्या आईच्या तीन अटी: शेवटचं गोड आफ्रिकन हवं, फळांचं हवं आणि मुलांनी ताटात टाकता कामा नये. संध्याकाळपर्यंत तिचा आराखडा तयार होता. हापूस, अननस आणि केळ्याच्या फोडी, त्यावर फेटलेलं क्रीम, क्रीमवर चॉकलेटचे पट्टे आणि भाजलेलं खोबरं. ग्लासला बाहेरून बिबट्याच्या ठिपक्यांचा कागद.

हा आराखडा तिने मावशीला दाखवला. मावशी दोन इमारती सोडून राहते. मूळची मालवणची, पण लग्नानंतरची उमेदीची वर्षं तिने दार-ए-सलामला काढली. शेजारी झांझिबारचं कुटुंब होतं आणि दोन्ही स्वयंपाकघरांमध्ये वाट्यांची ये-जा रोजची होती.

“छान दिसेल,” मावशी म्हणाली. “पण यात आफ्रिका कुठे आहे?”

“आंबा, अननस, केळं, नारळ. सगळं तिकडे पिकतं ना?”

“पिकतं. रत्नागिरीतही पिकतं. मग याला कोकणी का म्हणत नाहीस?”

इथून सुरू झालेला वाद त्या आठवड्यात दोघींच्या ओट्यांवर चालू राहिला. तो नीट ऐकावा असा आहे, कारण दोघींच्याही बाजूला तथ्य आहे आणि दोघींचेही मुद्दे घरी गोड करणाऱ्या कुणालाही उपयोगी पडतील असे आहेत.

मावशीचा पहिला आक्षेप नावाला होता. आफ्रिका हा एक देश नाही. त्या खंडात ५४ देश आहेत, उत्तरेच्या टोकापासून दक्षिणेच्या टोकापर्यंत सुमारे ८,००० किलोमीटरचं अंतर आहे. “मोरोक्कोत जेवणानंतर संत्र्याच्या चकत्या देतात,” ती सांगू लागली, “वर दालचिनीची पूड आणि संत्र्याच्या फुलांचं पाणी. घानात पिकलेलं जाड केळं आलं-मिरची लावून तळतात, त्याला केलेवेले म्हणतात, रात्री रस्त्यावर मिळतं. इथिओपियात रसाच्या दुकानात अव्होकाडो, आंबा आणि पपई यांचे गर एकावर एक न मिसळता उंच ग्लासात ओततात आणि चमच्याने खातात. सेनेगलमधली ख्रिस्ती कुटुंबं गुड फ्रायडेला न्गालाख करतात. बाजरीच्या शिजवलेल्या कण्या, शेंगदाण्याचं वाटण आणि गोरखचिंचेचा आंबट गर. आणि त्याच्या वाट्या मुसलमान शेजाऱ्यांकडे जातात. यातलं कुठलं तुझ्या ग्लासात आहे?”

भाची व्यवसायाच्या बाजूने बोलली. हे बोलणंही उडवून लावण्यासारखं नव्हतं. “मावशी, मला तीस मुलांना वाढायचंय. संत्र्याच्या फुलांचं पाणी मी कुठून आणू? शेंगदाण्याची ॲलर्जी कुणाला आहे का, ते विचारावं लागेल. तळलेल्या केळ्यावर मिरची घातली तर मुलं रडतील. त्या बाईंना एक संध्याकाळ हवी आहे, भूगोलाचा तास नको. ‘आफ्रिकन’ हा शब्द त्यांनी सजावटीसाठी वापरलाय.”

“म्हणूनच मला खटकतंय. जिराफ आणि झेब्रा सजावटीला असू देत. पण खाणं माणसांचं असतं. त्या पोरांना आफ्रिका म्हणजे फक्त प्राणी एवढंच कळणार असेल, तर निदान त्या ग्लासात तरी तिथली माणसं येऊ देत.”

मग मावशीने आपली बाजू मांडायला एकच पदार्थ पुढे केला. पिकलेली जाड केळी नारळाच्या दुधात शिजवायची, साखर, वेलची, चिमूटभर मीठ. झांझिबारमध्ये आणि पूर्व आफ्रिकेच्या सगळ्या स्वाहिली किनाऱ्यावर, म्हणजे केनियातल्या लामू-मोंबासापासून टांझानियाच्या दक्षिण टोकापर्यंत, हा घरगुती पदार्थ आहे. स्वाहिलीत न्दिझी म्हणजे केळं आणि नाझी म्हणजे नारळ. रमजानच्या महिन्यात संध्याकाळी उपास सुटतो, त्या जेवणाला तिकडे फुतारी म्हणतात. फुतारीच्या ताटात ही केळी असतात, नारळाच्या दुधातली रताळी असतात, तांदळाच्या पिठाचे आणि नारळाचे वितुम्बुआ असतात. हे वितुम्बुआ आपल्या आप्पेपात्रासारख्याच खळग्यांच्या तव्यावर होतात. शेजारणीकडून पहिली वाटी आली ती अशाच एका संध्याकाळी.

भाचीने ऐकून घेतलं आणि मग नेमका मर्मावर घाव घातला.

“मावशी, केळं मूळचं कुठलं?”

मावशी गप्प राहिली, कारण तिला उत्तर ठाऊक होतं.

केळं आग्नेय आशिया आणि न्यू गिनीच्या बाजूचं. नारळही समुद्रमार्गाने आलेला. वेलची पश्चिम घाटातली. ऊस न्यू गिनीतून भारतात आला आणि रसापासून साखर करण्याची कला भारतात वाढली. “म्हणजे तुझ्या पदार्थातली एकही वस्तू आफ्रिकेत जन्मलेली नाही,” भाची म्हणाली. “केरळात नेंद्रन केळ्यांचं नारळाच्या दुधातलं प्रधमन होतं. थायलंडमध्ये नारळाच्या दुधातली केळी रस्त्यावर मिळतात. फिलिपिन्समध्ये होतात. मालवणात आपण शिरवाळे नारळाच्या गूळ घातलेल्या रसात बुडवूनच खातो की. हा अख्ख्या हिंदी महासागराचा पदार्थ आहे. याला आफ्रिकन म्हणणं आणि माझ्या ग्लासला आफ्रिकन म्हणणं यात फरक काय?”

तिला जोर चढला होता. “खरं आफ्रिकेतलं फळ हवं असेल तर कलिंगड घे. सुदानच्या कोर्दोफान भागातल्या कलिंगडाशी आपल्या गोड कलिंगडाचं सगळ्यांत जवळचं नातं आहे, २०२१ साली जनुकांच्या अभ्यासातून हे पुढे आलं. चिंच मूळची आफ्रिकेची. मी कलिंगडाच्या फोडींवर चिंच-गुळाचा पाक घालते. वर बाजरीचा कुरकुरीत चुरा, बाजरीही तिकडचीच. गूळ सोडला तर शंभर टक्के आफ्रिकन.”

युक्तिवाद म्हणून हा बिनतोड वाटतो, आणि गंमत म्हणजे ते गोड चांगलंही लागेल. पण मावशीने त्याला दिलेलं उत्तर या सगळ्या वादाचा गाभा आहे.

“एकादशीला आपण काय खातो?” तिने विचारलं. “साबुदाणा. तो होतो कसाव्याच्या कंदापासून, आणि तो कंद दक्षिण अमेरिकेतला. बटाटा तिथलाच, शेंगदाणा तिथलाच, हिरवी मिरचीही अमेरिकेतलीच. सगळं पोर्तुगिजांच्या जहाजांनंतर इकडे आलेलं. मग साबुदाण्याची खिचडी ब्राझीलची म्हणायची का? ब्राझीलमध्ये कुणी आषाढीला ती करत नाही. ती आपली, कारण ती आपण करतो, आपल्या आज्यांनी केली, ती भिजवायची कशी हे आपल्या हाताला ठाऊक आहे. तुझं कलिंगड-चिंच आफ्रिकेत कोण करतं? कोणत्या गावात, कोणत्या सणाला? आणि माझी केळी कोण करतं, ते मी नावानिशी सांगू शकते.”

तिचं म्हणणं इतिहासही उचलून धरतो. अल-मसूदी हा बगदादचा प्रवासी दहाव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्या चौलला येऊन गेला आणि त्याच भ्रमंतीत पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरही पोचला. तिथल्या लोकांच्या खाण्यात केळं हिंदुस्थानाइतकंच सर्रास असल्याची त्याने नोंद केली. इब्न बतूता १३३१ साली मोगादिशूला उतरला, तेव्हा त्याच्यापुढे भाताबरोबर ताज्या दुधात शिजवलेली कच्ची केळी आली. सोबत लोणच्याची लिंबं, ओलं आलं आणि आंबेही होते. ती दूध-केळी गोड नव्हती, भाताबरोबरची होती. तरी केळं दुधात शिजवण्याची रीत त्या किनाऱ्यावर जवळजवळ सात शतकांपूर्वी रुळलेली होती, एवढं त्यातून कळतं. आल्या-गेल्यांनी ती नोंदली, पण रोज शिजवत होत्या तिथल्याच बायका.

हे सगळं घडवलं वाऱ्यांनी. हिवाळ्यात ईशान्येकडून वाहणारे वारे अरबस्तानातून आणि हिंदुस्थानातून शिडाची गलबतं पूर्व आफ्रिकेला नेत, आणि पुढे नैऋत्येचे वारे सुरू झाले की तीच गलबतं परतत. मधले महिने खलाशी आणि व्यापारी किनाऱ्यावरच मुक्काम ठोकून असत. त्या मुक्कामांत लग्नं झाली, भाषा मिसळल्या, मसाल्याच्या डब्यांत नव्या वस्तू आल्या. म्हणून झांझिबारच्या पुलावात आपल्याला ओळखीचा वास येतो. तो पुलाव तरीही झांझिबारचाच.

लवंगेवरून दोघींचं दुसरं भांडण झालं, आणि ते जास्त गंभीर होतं.

भाचीच्या डोक्यात ‘झांझिबार म्हणजे लवंगांचं बेट’ हे पक्कं होतं. तिला केळ्यांच्या रसात लवंग-दालचिनी घालायची होती, शिवाय एकेका ग्लासला एकेक लवंग खोचून सजवायचं होतं. मावशीने हात धरला.

“लवंग पुलावात जाते, चहात जाते. या केळ्यांत माझ्या शेजारणीने कधी घातली नाही. वेलची एके वेलची.”

“पण ओळख म्हणून?”

“ती ओळख कशी झाली ते ठाऊक आहे का?” मग तिने सांगितलं. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ओमानचा सुलतान सय्यद सईद याने राजधानी मस्कतहून झांझिबारला हलवली आणि बेटावर लवंगांच्या बागा वाढवल्या. त्या बागांत राबली ती मुख्य भूमीवरून पकडून आणलेली गुलाम माणसं. झांझिबारचा गुलामांचा बाजार १८७३ साली बंद झाला. आज त्या जागेवर अँग्लिकन चर्च उभं आहे आणि शेजारी दगडी खड्ड्यात साखळीने बांधलेल्या माणसांची शिल्पं आहेत. मावशी एकदा तिथे जाऊन आली होती. त्या दिवसानंतर लवंगेला नुसती शोभेची वस्तू म्हणणं तिला जमलं नाही.

भाची म्हणाली, “मग आपण सहा वर्षांच्या मुलाच्या वाढदिवसाला गुलामगिरी सांगायची का?”

“नाही सांगायची. पण लवंग खोचून सुंदर बेटाचं चित्रही रंगवायचं नाही. जे तिथे घालतात ते घाल, जे घालत नाहीत ते सोड. एवढं पुरे.”

या बाबतीत मावशीचं बरोबर होतं, असं या लेखकाला स्पष्टपणे वाटतं. आफ्रिकेतून आलेली माणसं आपल्या इतिहासात फार जवळ आहेत. हबशी गुलाम म्हणून दख्खनेत आलेल्या मलिक अंबरने निजामशाही सांभाळली आणि खडकी हे शहर वसवलं, ज्याचं पुढे औरंगाबाद झालं. जंजिऱ्याच्या सिद्दींचं संस्थान १९४८ पर्यंत टिकलं. वसईच्या किल्ल्यात, मुंबईत, मराठवाड्यात अवाढव्य बुंध्याच्या गोरखचिंचा उभ्या आहेत, ते झाडही आफ्रिकेचं. त्याच झाडाच्या बियांवर साखर, वेलची आणि लाल रंग चढवून झांझिबारमध्ये उबुयू नावाचा खाऊ करतात, आणि तो चघळून पोरांची जीभ दिवसभर लाल राहते. इतकी जवळीक असताना तो खंड आपल्या पार्ट्यांमध्ये येतो तो मात्र जिराफाच्या पाठीवर बसून.

भाचीने मात्र काजूचा मुद्दा सोडला नाही, आणि तिथे ती जिंकली. वर पेरायला तिला भाजलेले काजू हवे होते. मावशी म्हणाली, नकोत. भाची म्हणाली, “टांझानियाच्या दक्षिणेत, म्त्वाराच्या बाजूला काजूच्या बागाच बागा आहेत, हे तूच सांगितलंस. तिथला कच्चा काजू जहाजाने भारतात येतो आणि आपल्या कारखान्यांत फुटतो. आयव्हरी कोस्टचाही येतो. आपण गोव्याहून कौतुकाने आणतो त्या पाकिटातला काजू आफ्रिकेत पिकलेला असू शकतो. तो तुझ्या केळ्यांवर का नको?” मावशीने थोडा विचार केला आणि मान्य केलं. शेजारणीने काजू घातले नव्हते, पण घातले असते तर तिला कुणी अडवलं नसतं. फक्त मुलांसाठी ते वेगळ्या वाटीत ठेवायचे, कारण सुक्या मेव्याची ॲलर्जी असलेलं एखादं मूल पाहुण्यांत असू शकतं.

आता प्रत्यक्ष शिजवण्याकडे. इथे दोघींचं ज्ञान एकमेकींना पुरं पडलं, कारण मावशीला हात माहीत होता आणि अन्नतंत्रज्ञान शिकलेल्या भाचीला कारण.

पहिला प्रयोग भाचीने बाजारातल्या नेहमीच्या लांब केळ्यांवर केला. जळगावच्या रावेर-यावल पट्ट्यातून येतात ती. खायला उत्तम, पण दहा मिनिटांत त्यांचा लगदा झाला आणि रस करडा पडला. वेलची केळी थोडी टिकली, पण त्यांचा आंबूस स्वाद नारळाच्या दुधाशी जुळला नाही. या पदार्थाला लागतं ते जाड सालीचं, कोनेदार, शिजवून खायचं केळं. ते पिकल्यावरही त्यातला पिष्टमय भाग बराच शिल्लक राहतो, आणि तोच फोडीला आकार धरून ठेवतो. मावशीला दार-ए-सलामच्या बाजारात ते सहज मिळे. ठाण्यात ते कुठून आणायचं?

उत्तर घराजवळच होतं. वसईची राजेळी. सुकेळी करतात ती हीच केळी, आणि ती केरळच्या नेंद्रनच्या कुळातली मानली जातात. राजेळी मिळाली नाहीत तर केरळी दुकानात नेंद्रन मिळतात. पिवळी जर्द असताना मात्र घेऊन उपयोग नाही. सालीवर काळे डाग पसरून ती अर्धीअधिक काळी व्हायला हवी, तरच गोडी उतरते. आणि बोटाने दाबल्यावर आत घट्टपणा लागायला हवा, नाहीतर केळं सडण्याच्या वाटेवर आहे.

सहा जणांना चार मोठी राजेळी पुरतात. सोलून प्रत्येक केळ्याचे आडवे दोन आणि मग उभे दोन तुकडे करायचे. मधली काळसर शीर सुरीच्या टोकाने काढून टाकायची. ती राहिली तर रसात काळे कण दिसतात आणि जिभेला किंचित तुरटपणा येतो.

नारळ एक मोठा, ताजा. दार-ए-सलामच्या शेजारणीकडे नारळ खोवायला बसायचा लाकडी पाट होता, पुढे लोखंडी दातेरी जीभ. मालवणच्या घरातल्या खोवणीचीच तऱ्हा. खोवलेला चव ती झावळ्यांच्या विणलेल्या लांबट पिशवीत घालून पिळायची. मावशी मलमलीचं फडकं वापरते. चवावर कपभर कोमट पाणी घालून, हाताने चोळून पिळलं की निघतं ते पहिलं दाट दूध. तोच चव दोन कप पाणी घालून पुन्हा चोळायचा आणि पिळायचा, ते पातळ दूध. दोन्ही वेगळी ठेवायची. इथे चुकलं तर पुढे काही सुधारत नाही.

“पाकिटातलं दूध घेऊ?” भाचीने विचारलं. तीस मुलांसाठी पाच नारळ खोवायचे म्हणजे सकाळ गेली.

“चव येणार नाही.”

“चवीचं मान्य. पण पाकिटातलं दूध उकळलं तरी सहसा फुटत नाही, कारण त्यात ते धरून ठेवणारे घटक घातलेले असतात. घरच्या दुधाला तो आधार नाही. नारळाच्या दुधात तेलाचे बारीक थेंब पाण्यात तरंगत असतात आणि त्यांच्याभोवती प्रथिनांचा पातळ थर असतो. ऐंशी अंशांच्या आसपास गेलं की ती प्रथिनं गोठायला लागतात, थर तुटतो आणि तेल वेगळं होतं. म्हणून तुझी शेजारीण दाट दूध शेवटी घालायची.”

मावशीला हे ऐकून समाधान वाटलं. शेजारीण दाट दूध घातल्यावर भांड्याजवळून हलायची नाही, कडेला पहिला बुडबुडा दिसला की भांडं उतरवायची. कारण तिने कधी सांगितलं नव्हतं.

शेवटी ठरलं ते असं. पातळ दूध घरचं, दाट दूधही घरचं, पण नारळ सोसायटीतल्या दोन मावश्यांच्या मदतीने आदल्या संध्याकाळी खोवून चव फ्रिजमध्ये ठेवायचा आणि सकाळी पिळायचा. रुंद, जाड बुडाच्या पातेल्यात फोडी एका थरात मांडायच्या. वर जेमतेम बुडतील इतकं पातळ दूध. झाकण ठेवून मध्यम आचेवर दहा-बारा मिनिटं. सुरीचं टोक सहज आत गेलं की मगच साखर घालायची. आधी घातली तर फोड मऊ व्हायला वेळ लागतो. चार केळ्यांना चार मोठे चमचे पुरतात, कारण पिकलेल्या राजेळीची स्वतःची गोडी असते. मग दाट दूध, पाच-सहा वेलच्यांची ताजी पूड आणि मीठ. डाव घालून ढवळायचं नाही, पातेलं दोन्ही हातांनी धरून हलकेच गोल फिरवायचं. रस फोडींना चिकटून राहील इतका दाट हवा, खिरीइतका पातळ नको.

गूळ घालावा का, यावर दोघींचं अजून एकमत नाही. भाचीला गुळाचा रंग आणि खमंगपणा हवा. मावशीचं म्हणणं, गूळ घातलास की ते मालवणचं झालं. मालवणचं असायला हरकत नाही, पण मग नाव बदल.

नावाचा प्रश्न सुटला तो असा. ग्लासाशेजारच्या चिठ्ठीवर भाचीने लिहायचं ठरवलं: ‘झांझिबारच्या घरांतली नारळाच्या दुधातली केळी’. त्याखाली बारीक अक्षरात झांझिबार नकाशावर कुठे आहे ते, आणि ही केळी तिथे रमजानच्या संध्याकाळी खातात एवढंच. मुलाच्या आईला फोनवर विचारलं, तर ती उलट खूश झाली. नकाशा मोठा छापा म्हणाली, मुलांना शोधायला लावू.

राहिला प्रश्न वाढण्याचा. भाचीला ते गारेगार द्यायचं होतं, मे महिन्याचा उकाडा म्हणून. मावशीकडे फुतारीला ती केळी नेहमी कोमट आलेली, पण त्याचं तिने कधी कारण शोधलं नव्हतं. भाचीने एक वाटी फ्रिजमध्ये तासभर ठेवून पाहिली आणि चमचा लावताच तिच्या लक्षात आलं. खोबरेल साधारण चोवीस अंशांखाली थिजतं. गार रसावर मेणाच्या कणांसारखा थर आला होता, तो टाळूला चिकटत होता आणि वेलचीचा वास कुठल्या कुठे गेला होता. तीच वाटी मंद आचेवर पुन्हा कोमट केल्यावर रस मऊ झाला.

“म्हणजे कोमटच,” भाची म्हणाली. “कार्यक्रमाला अर्धा तास राहिला की दाट दूध घालायचं. त्याआधी नाही. आणि उरलं तर?”

“नारळाचं दूध उन्हाळ्यात बाहेर टिकत नाही. त्याच रात्री संपवायचं, नाहीतर लगेच फ्रिजमध्ये आणि सकाळी तापवून. आम्ही सकाळी चपातीशी खायचो.”

मग भाचीने वसईच्या केळेवालीला फोन लावला. शनिवारसाठी वीस मोठी राजेळी हवी होती. केळेवालीने विचारलं, भाजीला हवीत की तळायला, त्याप्रमाणे कच्ची देते. भाची म्हणाली, पिकलेली हवीत, साल काळी झालेली.

“काळी झालेली आम्ही सुकेळ्यांना बाजूला काढतो,” पलीकडून आवाज आला. “त्यातली देऊ का? गिऱ्हाईक ती घेत नाही, म्हणून विचारते.”

भाचीने फोनवर हात ठेवून मावशीकडे पाहिलं.

“तीच हवीत,” मावशी म्हणाली. “पण सांग तिला, देठाकडे दाबून बघ म्हणावं. तिथे मऊ लागली तर नकोत. आणि शुक्रवारी सकाळीच आणायला सांग, एक दिवस आपल्या घरात राहू देत.”